मालिकेच्या एडिटिंगमधून चित्रपटाकडे: मदत हवी आहे

नमस्कार मंडळी. ६ वर्षं रोजच्या मालिकांचं एडिटिंग करतोय. संध्याकाळी फुटेज हातात, सकाळी २२ मिनिटांचा एपिसोड तयार. हात भराभर चालतो, पण एका संवादावर घरातल्या सगळ्यांचे क्लोजअप लावायची सवय इतकी मुरलीय की आता तिचीच भीती वाटते.

एका चित्रपटासाठी असिस्टंट एडिटर म्हणून विचारणा झालीय. म्हणजे पुन्हा रशेस (शूटिंगचं कच्चं फुटेज) आवाजाशी सिंक करणं, बिन (फुटेजचे फोल्डर) लावणं, कट लॉक झाला, म्हणजे एडिट पक्का ठरला, की साउंडला एएएफ आणि कलरला एक्सएमएल किंवा ईडीएल या एडिटची माहिती नेणाऱ्या फाइल्स पाठवणं. मालिका सेकंदाला २५ फ्रेम्सची, चित्रपट २४चा, हे सगळं जमेल. पण शॉट न कापता थांबायचं कुठे, हे असिस्टंट राहून शिकता येतं का? की फक्त हार्ड डिस्कच सांभाळत बसावं लागतं?

दुसरं, शोरीलमध्ये (आपल्या कामाचे नमुने दाखवणाऱ्या व्हिडिओत) मालिकेचे प्रसंग ठेवू की एखादी शॉर्टफिल्म फुकट एडिट करून ती दाखवू? (रील बघून एडिटिंग कळतं यावर माझा तसा विश्वास नाही, मूळ फुटेज किती वाईट होतं हे बघणाऱ्याला कुठे ठाऊक असतं!)

हा बदल स्वतः केलेल्यांनी कृपया सांगा. शुक्रवारपर्यंत होकार-नकार कळवायचाय.