मदत हवी आहे: आइसलँडमध्ये ज्वालामुखीचा परिसर आणि शेवटी ब्लू लगून, एका दिवसाची गाइडेड टूर, सोबत आईबाबा

मेधा_कर्वेनगर

नमस्कार मंडळी,

गणपती झाले की आम्ही आइसलँडला निघतोय. मी, नवरा, सहावीतली लेक आणि माझे आईबाबा. बाबा पंचाहत्तरीचे, बीपीची गोळी रोज चालू. आईच्या उजव्या गुडघ्याची वाटी बदलून आता बराच काळ झालाय. सपाटीवर छान चालते, सारसबागेत आरामात फेऱ्या मारते, पण पर्वती बंद. उतार किंवा ओबडधोबड वाट आली की हात धरावा लागतो.

बाकीची ट्रिप ठरलीये, अडलंय एका दिवसावर. राजधानी रेक्याविकहून सकाळी निघणारी बस टूर आहे. रेक्यानेस द्वीपकल्पावर फिरवतात: क्लेइवारवात्न तलाव, क्रिसुविकचे उकळते चिखल, गुन्नुह्वेर, दोन खंडांमधला पूल, मग नव्या लाव्हाचा भाग आणि शेवटी ब्लू लगूनच्या गरम पाण्यात डुंबणं. इथल्या एका ट्रॅव्हलवाल्याने "सगळं इन्क्लुडेड आहे मॅडम" म्हणून जो आकडा सांगितला तो ऐकून बाबांनी चष्मा काढून परत लावला. त्यांचं म्हणणं, गरम पाणी घरच्या गीझरलाही येतं.

आईला चालणं कितपत पडेल? बाबांना त्या पाण्यात उतरवावं का? आणि मुख्य म्हणजे, तिकडे उद्रेक चालू असतात असं ऐकते, मग आत्ताच पैसे भरून ठेवावेत की नाही? गाडी भाड्याने घेऊन स्वतः जावं, असा नवऱ्याचा आग्रह आहे. त्याला समजावता येईल असं काही असेल तर तेही सांगा.

अजून एक, जरा संकोचाचं. तिथे आंघोळ करूनच पाण्यात उतरावं लागतं, तीही कपड्यांशिवाय, असं वाचलं. आईला हे कसं सांगू?

---

स्पष्टवक्ता

बाबांशी शंभर टक्के सहमत. ताम्हिणी उतरून माणगाव, तिथून महाडजवळ सवला जा. सावित्रीच्या काठी गरम पाण्याची कुंडं आहेत. नाहीतर पालीच्या गणपतीचं दर्शन घेऊन उन्हेरे. रात्री परत घरी वरणभात. आणि ते ब्लू लगून तर निसर्गाचंही नाही. वीजकेंद्रातून बाहेर सोडलेलं पाणी आहे, खुशाल शोधून बघा.

---

भटक्या७

स्पष्टवक्ता, तुमचा मुद्दा पोचला. पण ताई विचारतायत ते आइसलँडचं.

मेधाताई, आम्ही हाच भाग सासूसासऱ्यांना घेऊन केलाय, म्हणून मोकळेपणाने सांगतो. या टूरमधली बहुतेक ठिकाणं पार्किंगपासून हाकेच्या अंतरावर आहेत. क्रिसुविकला (बोर्डावर सेल्तून लिहिलेलं दिसेल) लाकडी फळ्यांची वाट आहे. खाली राखाडी चिखल बुडबुडत असतो, कडेची माती पिवळी, तांबडी, मधेच हिरवट. वास सडक्या अंड्यांचा. पहिली पाच मिनिटं नाकाला रुमाल, मग सवय होते. वर टेकाडावर जायला चढ आहे, तो आईंनी सोडून द्यावा. खाली जे दिसतं तेच वरून दिसतं. फळ्या ओल्या असतील तर घसरतात, तेव्हा बूट चांगल्या पकडीचे घ्या. आणि वाट सोडून एक पाऊलही बाहेर नाही, लेकीला आधीच बजावून ठेवा. वरून कोरडी दिसणारी माती खाली उकळत असते.

गुन्नुह्वेरलाही तसंच. वाफ इतकी की वारा फिरला की समोरचा माणूस दिसेनासा होतो. नाव एका भुतावरून पडलंय. गुन्ना नावाच्या बाईचं भूत लोकांना छळत होतं, त्याला फसवून या कुंडात अडकवलं अशी कथा आहे. लेकीला आवडेल. जवळच दीपस्तंभ आहे. देशातला पहिला दीपस्तंभ १८७८ साली याच टोकावर लागला, भूकंपांनी तो खिळखिळा झाला म्हणून पुढे दुसरा बांधला. पूल छोटासा, लोखंडी, मिनिटात ओलांडून होतो. फोटोपुरता.

जपायची जागा एकच, नवी लाव्हा. फाग्रादाल्सफ्यात्ल या ज्वालामुखीचे २०२१चे लाव्हाचे पाट नीट पाहायचे तर डोंगरातून चालत जावं लागतं, वाट दगडधोंड्यांची. तुमची टूर तिथे पायी नेते की रस्त्याकडेला गाडी थांबवून दाखवते, हे लेखी विचारा. पायी नेत असतील तर आई बसमध्ये बसून राहतील आणि तुमचं अर्धं लक्ष बसकडे.

दुसरं लेखी विचारायचं: "इन्क्लुडेड"मध्ये ब्लू लगूनचं तिकीट आहे, की नुसतं तिथपर्यंत सोडणं? बऱ्याच टूर तिकीट वेगळं लावतात. आणि तिथे आत किती वेळ मिळतो? दीड तासात कपडे बदलणं, आंघोळ, डुंबणं, परत आंघोळ, केस वाळवणं, हे आईबाबांच्या वेगाने होत नाही. तीन तास तरी हवेत. कमी देत असतील तर ती टूर घेऊ नका, दोन ठिकाणं कमी दाखवणारी बघा.

नवऱ्याला सांगा, रस्ते उत्तम आहेत, गाडी उजव्या बाजूने चालवायची एवढंच. पण तिथला वारा वेगळा. नीट न धरलेलं दार वारा उलटं फिरवतो, बिजागरी वाकते आणि साध्या विम्यात ते सहसा बसत नाही. शिवाय दिवसभर गाडी चालवून शेवटी गरम पाण्यात पडल्यावर परत स्टिअरिंगमागे बसायचा कंटाळा येतो, हे माझ्या तोंडून ऐकलं म्हणून सांगा.

---

अश्मवेडा

स्पष्टवक्त्यांनी वीजकेंद्राचं सांगितलं ते खरं आहे, पण पुढची गोष्ट जास्त मजेची. स्वार्त्सेंगीचं भूऔष्णिक केंद्र १९७६ला सुरू झालं. जमिनीखालून आलेलं खारट गरम पाणी काम झाल्यावर शेजारच्या लाव्हाच्या पठारावर सोडायचे. लाव्हा सच्छिद्र, पाणी जिरून जाईल असा हिशोब. पण त्या पाण्यात सिलिका (वाळूत असतं ते खनिज) भरपूर. ती साक्यासारखी खाली बसली, भोकं बुजली आणि तळं साचलं. १९८१मध्ये सोरायसिसचा एक रुग्ण त्यात उतरला, त्याला बरं वाटलं, बातमी पसरली, १९८७ला रीतसर स्नानगृह झालं. पाण्याचा निळा रंगही सिलिकेचाच खेळ. ओंजळीत घ्याल तर पांढुरकं दिसेल.

उलट सव आणि उन्हेरेचं पाणी ज्वालामुखीचं नाही. पावसाचं पाणी भेगांमधून खोल जातं, तिथल्या उष्णतेने तापतं आणि दुसऱ्या भेगेतून वर येतं. पालघरपासून राजापूरपर्यंत कोकणात अशा झऱ्यांची रांगच आहे. आपला ज्वालामुखी थंड होऊन साडेसहा कोटींहून जास्त वर्षं झाली.

मेधाताई, लेकीसाठी एक सुचवतो. निघण्याआधी तिला जंगली महाराज रस्त्यावरच्या पाताळेश्वरला न्या. अख्खं देऊळ एका कातळात कोरलेलं आहे, तो कातळ म्हणजे बेसाल्ट, म्हणजे गोठलेली लाव्हा. मग वरंधा किंवा ताम्हिणीच्या रस्त्यावर कापलेल्या कड्यात थरावर थर दाखवा, काही थरांच्या मधे लाल मातीचा पट्टा असतो. एक लाव्हा थंड झाली, वर माती तयार झाली, पुढच्या लाव्हाने ती भाजून काढली. रेक्यानेसला तोच बेसाल्ट आहे, फक्त इतका ताजा की त्यावर माती नाही, नुसतं शेवाळ. त्या शेवाळावर पाय देऊ नका, एकदा तुडवलं की भरून यायला कित्येक वर्षं जातात.

जाताजाता, वाघोलीच्या दगडखाणींत निळ्या कॅव्हन्साइटचे स्फटिक सापडतात, जगभरचे संग्राहक त्यासाठी पुण्याचं नाव घेतात. लाव्हातल्या वायूच्या बुडबुड्यांच्या पोकळ्यांमध्येच ते वाढले. आइसलँडच्या दगडातही पोकळ्या भरपूर दिसतील, पण बहुतेक रिकाम्या. भरायला वेळच मिळालेला नाही.

उद्रेकाबद्दल. हे द्वीपकल्प आठशे वर्षांच्या शांततेनंतर १९ मार्च २०२१ला जागं झालं. आधी फाग्रादाल्सफ्यात्ल, मग डिसेंबर २०२३पासून ग्रिंदाविक गावाजवळची सुन्धनुकुरची भेग. जुलै २०२५पर्यंत त्या एका भेगेतून नऊ उद्रेक झाले. ग्रिंदाविक १० नोव्हेंबर २०२३ला रातोरात रिकामं केलं आणि जानेवारी २०२४मध्ये लाव्हाने तिथली तीन घरं जाळली. नोव्हेंबर २०२४मध्ये लाव्हा ब्लू लगूनच्या पार्किंगवर आली. मुख्य इमारतींभोवती मातीचे उंच बांध घातलेत, त्यांनी वाचवलं.

घाबरवायला सांगत नाही. भूकंपाच्या नोंदी वाढल्या की लगूनमधून आधीच सगळ्यांना बाहेर काढतात आणि दिवसा-आठवड्यांनी परत उघडतात. विमानांचीही सहसा अडचण होत नाही. २०१०मध्ये युरोपची विमानं बंद पडली ती हिमनदीखाली फुटलेल्या वेगळ्या ज्वालामुखीच्या राखेने. इथे भेगेतून लाव्हा वाहते, राख फार नाही. त्रास होतो तो सल्फर डायऑक्साइडचा. घरात कोणाला दमा असेल तर त्या दिवशीच्या हवेचा अंदाज बघून निघा.

---

भटक्या७

म्हणजे पैशाच्या प्रश्नाचं उत्तर: फिरवता येणारं किंवा परत मिळणारं बुकिंग घ्या, चार पैसे जास्त गेले तरी. ब्लू लगूनला आयत्या वेळी जाऊन जागा मिळेल या भरवशावर राहू नका, वेळ आधी ठरवूनच जावं लागतं. आणि पर्याय डोक्यात ठेवा. ते बंद असेल तर रेक्याविकच्या अगदी जवळ स्काय लगून आहे, समुद्राकाठी. पण तिथे बारा वर्षांखालच्यांना घेत नाहीत, लेकीचं वय बघा. नाहीतर सरळ गावचे तरणतलाव. लाउगार्दाल्सलाउगला गरम पाण्याची कुंडं आहेत, तिकीट लगूनच्या मानाने किरकोळ आणि आजूबाजूला गावातले आजीआजोबा गप्पा मारत बसलेले असतात. बाबांना तेच जास्त आवडेल, माझा अंदाज.

---

ओपीडीवाली

बाबांबद्दल. लगूनचं पाणी साधारण ३७ ते ४० अंश असतं. गरम पाण्यात रक्तवाहिन्या पसरतात, बीपी उतरतं. बीपीच्या गोळीवर असलेल्यांना एकदम उठून उभं राहिलं की डोळ्यांपुढे अंधारी येऊ शकते. म्हणून त्यांच्या नेहमीच्या डॉक्टरांना विचारूनच ठरवा, इथल्या उत्तरावर नको. ते हो म्हणाले तर दहा-पंधरा मिनिटं, मग बाहेर बसणं, पाणी पिणं, वाटलं तर परत. आत पेयांचा काउंटर असतो, बाबांनी त्या दिवशी बिअरच्या वाटेला जाऊ नये. एकटं सोडू नका.

आईंचं: तळ सिलिकेने बुळबुळीत असतो, कठडा धरून उतरायचं, हात सोडायचा नाही. आतल्या बाजूने, म्हणजे इमारतीतूनच पाण्यात जाता येतं, तिथून न्या. बाहेरच्या गार वाऱ्यात ओल्या अंगाने चालावं लागत नाही.

---

मेधा_कर्वेनगर

किती छान माहिती दिलीत सगळ्यांनी! ट्रॅव्हलवाल्याला आत्ताच फोन केला. लगूनचं तिकीट "इन्क्लुडेड नाही मॅडम, ट्रान्सफर इन्क्लुडेड आहे". आणि आत वेळ दोन तास. त्याला नमस्कार केला. तिकडच्याच स्थानिक कंपनीची छोट्या गाडीची टूर बघतेय, त्यांनी लाव्हा रस्त्यावरून दाखवू असं लिहून दिलं.

लेक अकराची आहे, म्हणजे स्काय लगून बाद. आंघोळीचं मात्र कोणी बोललंच नाही. :)

---

गोधडी

मी बोलते, पुरुषमंडळी लाजली वाटतं.

नियम खरा आहे. पाण्यात क्लोरीन फारसं वापरत नाहीत म्हणून साबण लावून, कपडे काढून आंघोळ करूनच उतरायचं. स्त्री-पुरुषांच्या खोल्या अर्थात वेगळ्या. ब्लू लगूनला दार लावता येईल अशा बंद न्हाणीही आहेत, आईंना सरळ तिकडे न्या, प्रश्न मिटला. गावच्या तलावांत मात्र बऱ्याचदा सगळं उघडं असतं आणि कोणी कोणाकडे बघतही नाही. आईंना आधी सांगून ठेवा, दारात जाऊन कळलं तर त्या परत फिरतील. पूर्ण अंग झाकणारा, बाह्या आणि पायघोळ असलेला पोहण्याचा ड्रेस चालतो. लक्ष्मी रोडला मिळतो. सुती सलवार-कुर्ता नको.

केसांचं कोणी सांगितलं नाही म्हणून. सिलिकेने केस काथ्यासारखे होतात. उतरण्याआधी कंडिशनर थापा, धुवू नका, वर घट्ट अंबाडा, आणि डोकं पाण्यात बुडवू नका. जोडवी, पैंजण, चांदीचं जे काही असेल ते हॉटेलवर ठेवा, काळं पडतं. मंगळसूत्रही काढून ठेवलेलं बरं. आईंना आधी विचारा, ऐनवेळी लॉकरपाशी वाद नको. चष्म्यावर ते पाणी उडालं तर लगेच गोड्या पाण्याने धुवा, बोटाने पुसू नका, चरे पडतील.

खाण्याचं: वाटेत शाकाहारी म्हणजे सूप आणि ब्रेड, तेही विचारून. दशम्या आणि दाण्याची चटणी बरोबर ठेवा. नळाचं थंड पाणी थेट प्या, बाटल्या विकत घेऊ नका. गरम नळाला गंधकाचा वास येतो, त्याने चहा करू नका.

---

स्पष्टवक्ता

जाताय तर जा. पण छत्री नेऊ नका. पुण्यातले लोक सवयीने छत्री नेतात आणि तिथल्या वाऱ्यात तिची काठी हातात राहते. रेनकोट आणि वरून रेनपँट. हे भाचा तिकडे शिकतो म्हणून माहीत. सवचं आमंत्रण कायम.

---

मेधा_कर्वेनगर

स्पष्टवक्ता, बाबा म्हणतात परत आल्यावर तुमच्याबरोबर सवला येतो!

शेवटचं एक. स्थानिक कंपनी विचारतेय, टूर परतीच्या दिवशी ठेवायची का, म्हणजे लगूनवरून सरळ विमानतळावर सोडतील. संध्याकाळचं विमान आहे. सोयीचं वाटतंय, पण सामानाचं काय?

---

भटक्या७

लगूनवर सामान ठेवायची सोय आहे का, ते आधी विचारून घ्या. विमानतळ तिथून गाडीने वीसेक मिनिटं. तरीही परतीच्या दिवशी ठेवू नका. त्या दिवशी रस्ता किंवा लगून बंद असलं तर दुसरा दिवस हातात नाही, आणि ओल्या केसांनी, ओल्या टॉवेलांसकट आईबाबांना सिक्युरिटीच्या रांगेत उभं करायचं. पोहोचल्यानंतरच्या दुसऱ्या दिवशी ठेवा. प्रवासाचा शीण त्या पाण्यात जाईल, आणि बंद निघालं तर पुढचे दिवस शिल्लक आहेत.