नकुसाबाईंची ओवी भिंतीवर लिहावी का?

माणची सून
म्हसवडजवळच्या वाडीवर राहते. ३ जानेवारीला सावित्रीबाईंची जयंती. नायगाव आपल्याच जिल्ह्यातलं, म्हणून आमच्या बचत गटानं समाजमंदिराची भिंत रंगवून त्यावर स्वतः रचलेल्या ओव्या लिहायचं ठरवलंय. माझी ही:

नकुसा माझं नाव, अंगण मी सारविलं
दुष्काळात, बाई, बापाचं घर सावरिलं

नकुसा म्हणजे माझ्या चुलतसासूबाई. तिसरी मुलगी झाली, नकोशी म्हणून हे नाव. २०११ ला साताऱ्यात २८५ मुलींची अशी नावं बदलली, तेव्हा यांची पन्नाशी उलटलेली. आधारकार्डावर अजून तेच आहे. त्या रोज त्याच भिंतीसमोरच्या कट्ट्यावर बसतात. लिहावं का? "त्यांना कुठं वाचता येतंय," असं गटातली एक म्हणाली. ते ऐकून मला फार वाईट वाटलं.

मिरजेची बाई
ताई, आधी त्यांना म्हणून दाखवा. सावित्रीबाईंच्या शाळेत शिकलेल्या मुक्ता साळवेनं १८५५ मध्ये मांग-महारांच्या दुःखाविषयी निबंध लिहिला तो स्वतःच्या माणसांबद्दल, स्वतःच्या तोंडानं. तुमच्या ओवीत "मी" आहे. तो "मी" नकुसाबाईंचा आहे, तुमचा नाही.

वाळव्याचा
माझं मत वेगळं आहे. आमच्याकडं हुंड्यावर पथनाट्य बसवलं, नाव न घेताही लोकांनी घर ओळखलं. त्या बाईला वर्षभर टोमणे खावे लागले. नाव वगळा.

रंगकाम करणारी
ओल असेल तर आधी प्राइमर मारा, नाहीतर पावसाळ्यात पोपडे निघतील. अक्षर वीतभर तरी हवं. ग्रामपंचायतीची परवानगी लेखी घ्या.

माणची सून
काल दुपारी त्या तूर निवडत बसल्या होत्या, तेव्हा म्हणून दाखवली. सूप तसंच मांडीवर राहिलं. बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "नुसतं दुष्काळात न्हाई. बाहत्तरला खडी फोडाय मीच गेले हुते, थोरल्या दोघी नांदाय गेल्या हुत्या. त्ये लिव्ह."
नाव वगळू का, विचारलं.
"मग वळखायचं कसं, कुनी फोडली खडी?"
ओवी बदलली:

नकुसा माझं नाव, अंगण मी सारविलं
बाहत्तरला खडी फोडून बापाचं घर सावरिलं

वाळव्याच्या दादांचं म्हणणं मनात आहेच. म्हणून रंगवताना त्यांना शेजारी बसवणार आहे. कोण काय बोललं तर आम्ही बाराजणी तिथं असू. प्राइमर उद्या आणते.