तीन फवारे झाले तरी तुडतुडा मरत नाही, अर्जंट मदत हवी

कास्तकार_पोरगा: सोमवारी तिसरा फवारा झाला, आज पान उलटं करून पाहिलं तर तुडतुडे (पानातला रस शोषणारे बारके किडे) जिवंतच, तिरपे तिरपे पळतात. दर वेळी औषध बदललं, एकच एक नाही मारलं. चौथं कोणतं मारू तेवढं सांगा, उद्या सकाळी पंप काढायचाय. सेंद्रियवाल्यांनी कृपया लेक्चर देऊ नये.

बोंडवाला: पीक कोणतं भाऊ? कपाशी की भेंडी? किती दिवसांचं?

कास्तकार_पोरगा: कपाशीच ना, दुसरं काय असणार. ६० दिवस झाले.

लाल_गाडी: पानं लाल पडली असतील तर तो लाल्या आहे, मॅग्नेशियम सल्फेट मारा, आमचं दोन वर्षांपूर्वी सेम झालं होतं.

बोंडवाला: अहो तो पानाखाली किडे पळताना दिसले म्हणतोय आन तुम्ही मॅग्नेशियम पाजताय. पोरा, मोजले का? पानामागे २-३ च्या खाली असतील तर फवारायचं कामच नाही.

कास्तकार_पोरगा: मोजत बसायला वेळ कोणाला आहे, लय आहेत.

काळी_कसदार: तिन्ही औषधांची नावं टाक. डब्यावरचं मोठं नाव नको, खाली बारीक अक्षरात घटक लिहिलेला असतो तो.

निंबोळी_आजोबा: लेक्चर नाही देत बाप्पा, पण पहिल्याच महिन्यात ५ टक्के निंबोळी अर्क मारला असता तर ही वेळच आली नसती.

कास्तकार_पोरगा: १) इमिडाक्लोप्रिड २) ॲसिटामिप्रिड ३) थायामेथोक्झाम. तिसऱ्यात दुकानदाराने जोडीला प्रोफेनोफॉस-सायपरमेथ्रीन दिलं. आणि युरिया दोनदा टाकला, ते सांगायचं राहिलं.

काळी_कसदार: झालं. अरे ही तिन्ही एकाच घरची आहेत, निओनिकोटिनॉइड. डबे तीन, पैसे तीनदा, किड्यासाठी मार एकच. त्यातून बीटीचं बियाणं रंगीत येतं ना, त्याला बहुतेक वेळा इमिडाच लावलेलं असतं, म्हणजे तुझा हा चौथा डोस. जो तुडतुडा यातून वाचला त्याचीच पिल्लं आता शेतात आहेत. वरून युरियाने पानं लुसलुशीत, आणि सायपरमेथ्रीनने ढालकिडे, क्रायसोपा हे कीड खाणारे मित्रकिडे साफ. त्यामुळे आता पांढरी माशी वाढते का, त्यावर लक्ष ठेव.

जुगाड_फवारणी: एवढं पुराण कशाला, तीन-चार औषधं एकाच टाकीत मिसळा, एकातून नाही तर दुसऱ्यातून मरतंच. मी दर साल करतो.

बोंडवाला: दर साल करता आन दर साल इथं येऊन किडीसाठी रडता पण.

लाल_गाडी: कोणी ड्रोनने फवारणी केली आहे का? एकरी काय रेट चाललाय?

काळी_कसदार: फ्लोनिकामिड बघ, ते वेगळ्या गटातलं आहे. १० लिटरला ३ ग्रॅम. किडा लगेच पडत नाही, आधी त्याचं रस शोषणं बंद होतं, त्यामुळे दुसऱ्या दिवशी जिवंत दिसला म्हणून परत पंप काढू नको.

जुगाड_फवारणी: पेट्रोलवर चालणाऱ्या फवारणी पंपाला औषध तिप्पट लागतं, ३ ग्रॅमने काय होतंय.

काळी_कसदार: तिप्पट यासाठी की त्या पंपाला एकरी पाणी कमी लागतं, एकराला औषध तेवढंच जातं. पाणी पण तेवढंच आणि औषध पण तिप्पट, असं नाही. पंप कोणता आहे रे?

कास्तकार_पोरगा: पेट्रोलचाच. पण फवारणी बाबा करतात. सोमवारपासून त्यांचं डोकं दुखतंय, डोळ्याला पाणी येतं, अंधुक दिसतं म्हणतात. ते दर फवारणीला थोडं होतंच.

बोंडवाला: हे आत्ता सांगतोस? तुडतुडा राहू दे बाजूला. प्रोफेनोफॉस आहे त्यात, माणसालाही विषारी. २०१७ ला आपल्या यवतमाळात फवारताना विषबाधा होऊन वीसच्या वर माणसं गेली, डोक्याएवढी कपाशी आणि फवारा तोंडावर. आत्ताच्या आत्ता दवाखान्यात ने, रिकामा डबा सोबत घे, डॉक्टरला घटक कळला पाहिजे.

निंबोळी_आजोबा: अंगावरचे कपडे बदलून साबणाने आंघोळ घाल आधी. तेच कपडे घालून फिरत असतील म्हातारे.

कास्तकार_पोरगा: हो तेच घालून आहेत. डबा फेकला होता, धुऱ्यावर सापडला. निघतोय.

लाल_गाडी: ड्रोनचं कोणी सांगितलं नाही.