तुमच्या वहीवर लाल शाई कोणाची? (अनुभव धागा : खान्देश)

तापीकाठ

मंडळी, खान्देशातल्या लिहित्या लोकांसाठी हा धागा काढतोय. जळगाव, धुळे, नंदुरबारवाले तर आलेच, शिवाय पोटापाण्यासाठी पुणे, मुंबई, सुरत गाठलेलेही आले. प्रश्न एकच. लिहिणं तुम्ही कोणाकडून शिकलात, आणि त्या माणसानं किंवा पुस्तकानं नेमकं काय केलं? 'सरांनी प्रोत्साहन दिलं', 'वाचनाची गोडी लावली' एवढं लिहून सटकू नका. पाठ थोपटणारे पुष्कळ असतात, वाक्याला हात घालणारा एखादाच भेटतो. त्याच्याबद्दल सांगा.

आपल्या मुलखात याची जुनी उदाहरणं आहेत. धरणगावात जन्मलेल्या त्र्यंबक ठोंबऱ्यांना १९०७ च्या जळगावच्या कविसंमेलनात 'बालकवी' म्हटलं गेलं, हे आपण शाळेत घोकतो. पण रेव्हरंड टिळकांनी या पोराला नगरला आपल्या घरात ठेवून घेतलं होतं, हे लक्ष्मीबाई टिळकांचं 'स्मृतिचित्रे' वाचेपर्यंत मला माहीत नव्हतं. साने गुरुजी १९२४ ते १९३० अमळनेरच्या प्रताप हायस्कूलात शिक्षक होते, तेव्हा वसतिगृहातल्या मुलांसाठी 'छात्रालय' नावाचं हस्तलिखित दैनिक काढायचे. दैनिक! ज्यांच्यासाठी लिहायचं ती पोरं रोज समोर हिंडताना दिसत असली की भारदस्त लिहायची हौस आपोआप फिटत असणार, असा माझा अंदाज.

माझं नंतर सांगतो. आधी तुम्ही.

गिरणाथडी (चाळीसगावकडचा)

आमच्या मराठीच्या सरांची लाल शाई एकाच शब्दात संपायची: 'कशावरून?'

निबंधात 'गरीब शेतकरी' लिहिलं की 'गरीब'भोवती गोल आणि समासात 'कशावरून?' 'रमणीय सायंकाळ' लिहिलं की 'रमणीय'भोवती गोल, समासात पुन्हा तेच. वर्गात मोर आणि इंद्रधनुष्य यांना बंदी होती. मोर ज्यानं शिवारात पाहिला असेल त्यानं बांधाचं ठिकाण सांगून लिहावा, बाकीच्यांनी राहू द्यावा.

कापसाच्या दिवसांत त्यांनी आम्हाला जिनिंगच्या फाटकाबाहेर, गाड्यांच्या रांगेपाशी पाठवलं. अट ही की घरी आल्यावर लिहायचं आणि एकही विशेषण वापरायचं नाही. मी रांगेतल्या एका म्हाताऱ्याबद्दल लिहिलं. त्याच्या चपलेचा अंगठा तांब्याच्या तारेनं शिवलेला होता. वजनाची पावती त्यानं चार घड्या घालून टोपीच्या पट्टीत खोचली, दोन पावलं गेला, परत काढून पाहिली आणि पुन्हा तिथेच खोचली. सरांनी त्या पानावर काहीच खूण केली नाही. पुढच्या पानावर 'बिचारा' आला होता, त्याला मात्र गोल.

त्यानंतर मोठमोठ्या लेखकांची व्याख्यानं ऐकली, शिबिरंही केली. 'कशावरून?'च्या पलीकडचं फार थोडं हाती लागलं. आजही लिहिताना तो गोल आधी दिसतो.

डेस्कवरचा

गुरू वगैरे काही नाही भो. तालुक्याच्या बातमीला जागा दोन बोटं, आणि पान सोडायची वेळ ठरलेली. वरिष्ठ एवढंच म्हणायचे, 'खालून कापली तरी बातमी मरायला नको.' म्हणजे कोण, कुठे, काय झालं हे वर, सत्कार-समारंभ खाली. झालं शिक्षण.

मोडीवाली (धुळे)

माझं शिक्षण कागदपत्रांवर झालं. इतिहासाचार्य राजवाडे १९२६ साली धुळ्यातच गेले, आणि त्यांच्या नावाचं संशोधन मंडळ गावात आहे. त्यामुळे इथे मोडीचं वेड असलेली माणसं अजून भेटतात. त्यांतल्या एका काकांकडे मी मोडी शिकले.

ज्यांनी मोडी पाहिली नाही त्यांच्यासाठी: शब्द सुटे नसतात, विरामचिन्हं नसतात, ऱ्हस्व-दीर्घाचं कुणाला सोयरसुतक नसतं. वाचणारा निम्मं डोळ्यांनी वाचतो आणि निम्मं अंदाजानं. काकांचा सगळा भर या दोन गोष्टी वेगळ्या ठेवण्यावर. मी ओळ लावली की ते विचारायचे, 'यात दिसलं किती आणि लावलं किती?' लावलेल्या अक्षराखाली पेन्सिलीची रेघ. अजिबात न लागलेल्या शब्दाची जागा मोकळी. मोकळ्या जागेची लाज वाटून ती भरली की त्या दिवशीचा चहा मिळायचा नाही.

पुढे मी बंद पडलेल्या हातमागांवर लेख लिहायला घेतला, तेव्हा ही सवय कामी आली. आपण मुलाखत घेतो, समोरची बाई गप्प होते आणि आपण बेधडक लिहितो, 'तिच्या डोळ्यांत जुने दिवस तरळले.' दिसलं काय? ती गप्प झाली, तिनं पदर नीट केला आणि 'चहा घेशीन ना' म्हणाली. एवढंच दिसलं. तरळले वगैरे आपण लावलं. माझ्या कच्च्या खर्ड्यात अजून पेन्सिलीच्या रेघा असतात.

गिरणाथडी दादा, तुमचे सर आणि आमचे काका एकाच आखाड्यातले दिसतात.

वगैरे_वगैरे (यावल तालुका)

सांगवी आमच्याच तालुक्यातली, त्यामुळे कादंबरीकार नेमाडे आमच्याकडे पाहुण्यासारखे येत नाहीत, भाऊबंदकीसारखे येतात. त्यांची 'कोसला' कादंबरी १९६३ ची. आम्ही कॉलेजात गेलो तेव्हा तिला कितीतरी वर्षं उलटली होती, तरी होस्टेलवर जो तो तिचा नायक पांडुरंग सांगवीकर. सगळ्यांच्या वहीत 'उदाहरणार्थ' आणि 'वगैरे'चा सडा. (माझं इथलं नाव त्यावरूनच.)

आमच्या ग्रंथपालांनी यावर जो इलाज केला तो कुठल्या पुस्तकात मला सापडला नाही. त्यांनी नक्कल थांबवली नाही, उलट वाढवली. म्हणाले, 'एकाची करतोस म्हणून ती ओळखू येते. तिघांची कर.' 'कोसला'तली दोन पानं, लक्ष्मीबाई टिळकांची दोन पानं आणि साने गुरुजींची दोन पानं हाताने उतरवून काढायला लावली. झेरॉक्सच्या जमान्यात! हाताने लिहिलं की कळतं, लक्ष्मीबाई हसू आलेलं वाक्य चटकन संपवतात, आपण होतो तर ते अजून ताणलं असतं. गुरुजी हाक मारल्यासारखे थेट वाचणाऱ्याशी बोलतात. नेमाडे वाक्य मध्येच सोडून देतात आणि आपणच पुढे जातो. डोळ्यांनी वाचताना यातलं काही जाणवलं नव्हतं.

मग दुसरा टप्पा. स्वतःचं एक पान घ्यायचं आणि बापाच्या तोंडून लिहायचं. माझा बाप केळीचा माणूस. त्याच्या तोंडी 'अस्तित्व' घालून बघितलं, बसेना. तिथून माझी भाषा सुरू झाली असं म्हणायला हरकत नाही.

कळण्याची_भाकरी (भुसावळ, सध्या पुणे)

मी शिकले ती आकाशवाणीच्या जळगाव केंद्रावर, शेतकऱ्यांच्या कार्यक्रमाची संहिता लिहिताना. तिथल्या एका ज्येष्ठ मॅडम माझा कागद हातात घेऊन मोठ्यानं वाचायच्या आणि मध्येच थांबून विचारायच्या, 'इथे श्वास कुठे घेऊ?' वाक्य एका दमात संपलं पाहिजे. ऐकणारा बागेला पाणी भरत असतो, त्याला पान उलटून मागे जाता येत नाही. 'मृगबागेत लावलेल्या आणि मागील हंगामात करप्याचा प्रादुर्भाव झालेल्या केळीवर' असं सुरू केलं की क्रियापद येईपर्यंत माणूस मोटार बंद करायला गेलेला असतो. आधी केळी, मग रोग, मग काय करायचं. वाक्यं तीन झाली तरी चालतील.

या बाईंनीच मला बहिणाबाई नव्यानं वाचायला लावली. माहेर आसोदे, सासर जळगाव, अक्षरओळख नाही. जात्यावर आणि शेतात गाणी म्हणायची, ती तिच्या मुलानं, सोपानदेवांनी, आणि त्यांच्या मावसभावानं टिपून ठेवली. १९५१ मध्ये ती गेली, आणि आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह पुस्तक आलं ते १९५२ मध्ये. आम्ही ती 'जीवनाचं तत्त्वज्ञान' म्हणून पाठ केलेली. मॅडम म्हणाल्या, तत्त्वज्ञान बाजूला ठेव, तिच्या ओळीत वस्तू किती आहेत त्या मोज. तवा, चूल, खोपा, विहीर, मोट. नुसत्या कल्पनेवर उभी असलेली ओळ शोधायला गेलं तर दमछाक होते. ज्यांना कानासाठी लिहायचंय त्यांनी हा उद्योग जरूर करावा.

पांझरा

धुळ्याचा विषय निघालाच आहे तर. १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात विनोबांनी गीतेवर प्रवचनं दिली आणि ती उतरवून घेतली साने गुरुजींनी. नाशिकच्या तुरुंगातलं 'श्यामची आई' त्यानंतरचं, १९३३ च्या फेब्रुवारीतलं. दुसऱ्याचं बोलणं इतके दिवस पकडल्यावर आपलं बोलणं कागदावर आणायला हात तयार झाला असेल, असं मला नेहमी वाटतं. पुरावा मागू नका, गिरणाथडीचे सर गोल काढतील.

माझे वडील दस्तलेखक. तहसीलबाहेर टेबल टाकून खरेदीखतं लिहायचे. त्यांचा धडा: 'वाक्याचे दोन अर्थ निघाले तर दोन वकिलांची सोय होते.' खतात चतुःसीमा लिहायची असते. पूर्वेस कोणाचा गट, पश्चिमेस पाटचारी, उत्तरेस वहिवाटीचा रस्ता. मी कथा लिहिताना प्रत्येक प्रसंगाची चतुःसीमा आधी काढतो. कोण दाराशी, कोण चुलीपाशी, कोण ओट्यावर ऐकतंय. निम्मे संवाद त्यातूनच सुचतात.

सातपुडा_पायथा (शहादा तालुका)

इथे सगळ्यांचे गुरू गोड दिसतात. माझं थोडं कडू ऐका.

मी पावरा आदिवासी. मराठी मला शाळेनं दिली. माझी पहिली कथा एका संपादकांनी छापली, पण सगळे संवाद प्रमाण मराठीत करून. माझा आजा त्यात 'मला वाटते की' म्हणतो. घरी वाचून दाखवायची सोय राहिली नाही. संपादकही शिकवतात म्हणे. मी शिकलो ते हे की मजकुरासोबत चिठ्ठी जोडायची: संवादांना हात लावू नये.

खरी वाट दाखवली ती वाहरू सोनवणे यांच्या 'गोधड' या कवितासंग्रहानं. आमच्या भागातला भिल्ल माणूस आपल्या लोकांबद्दल लिहितो आणि कुणाची परवानगी मागत नाही, हे पाहिल्यावर माझी भीड गेली. आणि आश्रमशाळेतले एक गुरुजी होते. त्यांची रीत अशी की गोष्ट आधी आईला आपल्या बोलीत सांगायची. ती जिथे हसली, जिथे 'असं नव्हतं' म्हणाली, ते लक्षात ठेवायचं आणि मग मराठीत लिहायचं. भाषांतर करायचं नाही, तिच्या हसण्याची जागा राखायची. गुरुजी स्वतः देशावरचे, आमची बोली त्यांना तोडकीमोडकी यायची. तरी त्यांना हे सुचलं आणि शहरातल्या संपादकांना सुचलं नाही.

वगैरे_वगैरे

पायथा दादा, पटलं. आमच्या लेवा बोलीचंही तेच होतं. मात्र निवेदनही पूर्ण बोलीत लिहावं का, यावर माझं मन होत नाही. बाहेरचा वाचक चार पानांत दमतो.

सातपुडा_पायथा

दमू दे की. आपण पुण्याची पुस्तकं वाचताना दमलो नाही का?

तापीकाठ

हा वाद वेगळ्या धाग्यावर न्या, चांगला रंगेल. आता माझं.

आमच्याकडे थंडीत भरीत पार्टी होते. शेतात काट्याकुट्या पेटवून वांगी भाजायची, बडगीत (लाकडी भांड्यात) ठेचायची, कळण्याची भाकरी. आमच्या अण्णांनी (वडिलांचे मित्र, शाळेतून निवृत्त, कथा लिहायचे) तिथे कथा वाचायची प्रथा पाडली होती. नियम दोन. वाचणाऱ्यानं मध्ये खुलासा करायचा नाही, आणि ऐकणाऱ्यांत निदान काही जण असे हवेत ज्यांना साहित्याशी घेणंदेणं नाही.

मी दुष्काळावरची कथा वाचली. मित्र 'वा' म्हणाले. एकानं प्रतीकांबद्दल काही मांडलं. वांग्याची सालं काढत बसलेला सालदार शेवटी म्हणाला, 'मंग त्या बैलाचं काय झालं?' पहिल्याच पानावर मी एक बैल बाजारात नेला होता आणि नंतर नायकाच्या मनात शिरलो होतो. मित्र हसले. अण्णा हसले नाहीत. म्हणाले, 'त्याला उत्तर दे. प्रतीकांचं मागाहून बघू.'

मी कथा पुन्हा लिहिली, बैलावरून. अण्णांनी ती वाचलीच नाही, थेट सालदाराला वाचून दाखवायला सांगितलं. माझ्या मते लेखनाच्या शिबिरांत हीच माणसं नसतात. तिथे लिहिणारेच लिहिणाऱ्यांना ऐकवतात आणि सगळे सगळ्यांच्या प्रतीकांना मान डोलावतात. २०२४ च्या अमळनेरच्या साहित्य संमेलनातही मला मांडवातल्या परिसंवादापेक्षा बाहेर पुस्तकांच्या गाळ्यांवर, पुस्तक उघडून दोन ओळी वाचून परत ठेवणारी माणसं बघण्यात जास्त शिकायला मिळालं. कोणत्या ओळीला ठेवतात ते बघत उभा होतो.

आखाजीचा_झोका (पारोळा)

पहिल्यांदाच लिहितेय. मला गुरू नाही, पण आईच्या आणि मावश्यांच्या आखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) गाण्यांचं रेकॉर्डिंग मोबाइलमध्ये आहे. अहिराणीत आहेत. उतरवून काढायची आहेत, त्यातून लिहायलाही शिकता येईल असं वरचं वाचून वाटलं. सुरुवात कशी करू? काही शब्द मलाही कळत नाहीत, आणि एका मावशीचे शब्द दुसरीपेक्षा वेगळे आहेत.

मोडीवाली

ताई, छानच काम आहे. प्रत्येक गाण्याच्या वर गाणारीचं नाव, तिचं माहेर, सासर आणि तारीख लिहा. माहेर विसरू नका, गाणं बहुतेक तिकडून आलेलं असतं. दोन मावश्यांचे पाठ एकत्र करू नका, दोन्ही वेगळे लिहा. न कळलेल्या शब्दाची जागा मोकळी ठेवा आणि रेकॉर्डिंगमधला मिनिट-सेकंद बाजूला टाका. उतरवून झालं की मावशीसमोर वाचून दाखवा, गाऊन नको, नुसतं वाचून. ती स्वतःच दुरुस्त करेल. शुद्धलेखन अजिबात सुधारू नका. धुळ्यात येणं झालं तर रेकॉर्डिंग घेऊन या, पहिली दोन गाणी सोबत बसून उतरवू. व्यनि (व्यक्तिगत निरोप) केलात तर वेळ ठरवता येईल.