बोलो यंगचे अजून कोणते पिक्चर बघू?

परभणीकर: लहानपणी गल्लीत केबलवर 'एंटर द ड्रॅगन' लागायचा, ब्रूस ली सगळ्यांना आवडायचा पण मला तो आडदांड पहारेकरी आवडायचा, एकेकाची मान मोडतो तो. त्याचं पुढं काय झालं, कवापासून शोधायलो.

जालन्याचा पैलवान: भाऊ, तो बोलो यंग. खरं नाव यांग त्झे, पण १९७३ च्या त्या पिक्चरमधल्या पात्राचं नाव त्याला कायमचं चिकटलं. आधी बॉडीबिल्डर व्हता, मिस्टर हाँगकाँग. १९८८ चा 'ब्लडस्पोर्ट' बघच, चाळिशी ओलांडलेला माणूस आन् छातीचे स्नायू एकेक करून नाचवतो, आमच्या तालमीतली पोरं तेच करून बघायची आरशासमोर. नंतर १९९१ ला 'डबल इम्पॅक्ट', परत 'ब्लडस्पोर्ट'च्याच हिरो व्हॅन डॅमसमोर.

लातूरची ताई: डायलॉग लई कमी त्याला. पण 'ब्लडस्पोर्ट'च्या शेवटच्या फायटीत तो हातातली पावडर डोळ्यात फेकतो ना, तवा आमचे बाबा उठून उभे राहायचे. व्हिलन असा तगडा नसला की हिरोच्या जिंकण्याला काय किंमत राहते?

परभणीकर: ताई, बरोबर बोललात. आज रात्री 'ब्लडस्पोर्ट' लावतो.