मदत हवी आहे: डोलोरेस हार्टसाठी 'संन्यास' सोडून दुसरा शब्द

नमस्कार मंडळी,

आमच्या सोसायटीच्या दिवाळी अंकासाठी जुन्या हॉलिवूडवर लेख लिहितेय आणि एका शब्दापाशी गाडी अडलीय.

नटी आहे डोलोरेस हार्ट. १९५७ साली, जेमतेम १८-१९ वर्षांची असताना, 'लव्हिंग यू'मध्ये थेट एल्विस प्रेस्लीसोबत झळकली. त्यातल्या चुंबनाचा किस्सा ती स्वतः सांगते: आधी तिचे कान जांभळे पडले, मग त्याचेही, आणि मेकअपवाले दोघांचे कान रंगवायला धावत आले! (हा किस्सा लेखात राहणारच, बाकी काहीही कापा.)

पुढे १९६३पर्यंत एकूण १० चित्रपट. मधे न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे रंगभूमीवर नाटक, त्यासाठी टोनी पुरस्काराचं नामांकन. टीव्हीवर हिचकॉकच्या मालिकेत एक भाग, शेवटी 'द व्हर्जिनियन'मध्ये मिशनरी बाई. आणि त्याच वर्षी, १९६३च्या जूनमध्ये, वयाच्या २४व्या वर्षी, ठरलेलं लग्न मोडून कनेटिकटमधल्या बेथलेहेम गावच्या रेजिना लाउडिस या बेनेडिक्टाइन (संत बेनेडिक्टचे नियम पाळणाऱ्या कॅथलिक जोगिणींच्या) मठात दाखल. ती कायमचीच.

मी लिहिलं, "तिने संन्यास घेतला." नवऱ्याला वाचून दाखवलं तर म्हणाला, "का गं, पिक्चर पडले का तिचे?"

इथेच घोळ आहे. पिक्चर पडले नव्हते. १९६०चा 'व्हेअर द बॉईज आर' चांगला चालला होता. १९५९मध्ये नाटकाच्या दगदगीतून जरा विश्रांती म्हणून ती त्या मठात गेली आणि मग जातच राहिली. शिवाय आपला संन्यासी पायाला भिंगरी लावून फिरणारा. बेनेडिक्टाइन जोगिणींचं एक व्रत नेमकं उलटं: जन्मभर त्याच मठात राहायचं. दिवसातून सात वेळा आणि रात्री एकदा लॅटिनमध्ये प्रार्थना गायची, उरलेल्या वेळात शेती, गाई, चीज. याला संन्यास कसं म्हणू?

दुसरी अडचण. २००१ ते २०१५ ती तिथली प्रायोरेस, म्हणजे मठप्रमुखाच्या खालची, होती. 'मठाधिपती' लिहिलं तर डोळ्यांपुढे भगवी छाटी येते, आणि ते चूकही आहे, कारण तिच्या वर अ‍ॅबेस, म्हणजे मठाची प्रमुख, असते. वसई किंवा गोव्याकडचं कुणी आहे का इथे? तुम्ही काय म्हणता?

प्रतिसाद १
मी वसईची. आमच्याकडे सरळ "सिस्टर झाली" म्हणतात. लेखी मराठीत 'धर्मभगिनी'. माझी मावशी गेली तेव्हा आजी शेजारणींना "मुलगी सिस्टर व्हायला गेली" असंच सांगायची, 'संन्यास' हा शब्द घरात कुणी काढला नाही. पण आमच्या सिस्टर शाळा, दवाखाने चालवतात, बदल्याही होतात. तुमची ही मठाबाहेर न पडणारी, म्हणून 'मठवासी धर्मभगिनी' लिहा.

प्रतिसाद २
नुसतं 'सिस्टर' नको हो. पुण्यात लोक इंजेक्शनची सुई शोधतील. प्रायोरेसला 'उपप्रमुख' म्हणा आणि पुढे चला. सोसायटीचा अंक आहे, ज्ञानकोश नाही.

धागाकर्ती
ताई, 'मठवासी धर्मभगिनी' घेतलं. तुमच्या आजीचं वाक्य तर लाखातलं! त्याच चालीवर आता लिहिलंय, "डोलोरेस मठात राहायला गेली." नवऱ्याला परत वाचून दाखवलं. या वेळी म्हणाला, "आणि तो लग्नाचा मुलगा? त्याचं काय झालं?" त्याने पुढे लग्नच केलं नाही, वर्षानुवर्षं तिला मठात भेटायला येत राहिला. म्हणजे आणखी एक परिच्छेद आला, आणि संपादकबाईंनी दोनच पानं दिलीत. तरी कानांचा किस्सा काढणार नाही.