परवाना फाइल घालून डेटाबेस सक्रिय करण्याची पद्धत ठेवावी का?

पर्वरी, सिस्टम ॲडमिन:
डेटाबेस चालू राहण्यासाठी विक्रेत्याच्या सर्व्हरला रोज विचारावे लागू नये, म्हणून मला परवान्याची प्रमाणपत्र फाइलच योग्य वाटते. आयबीएमच्या डीबी२ या डेटाबेसचे उदाहरण घ्या. आवृत्ती ११.५ फाइल न घालता बसवली, तर ती कम्युनिटी एडिशन (मोफत आवृत्ती) म्हणून प्रोसेसरचे ४ कोअर आणि १६ जीबी मेमरीच्या मर्यादेत चालते. पुढे परवाना विकत घेऊन ‘डीबी२एलआयसीएम -ए’ ही कमांड फाइलच्या नावासह दिली की त्याच इन्स्टॉलेशनची मर्यादा परवान्यानुसार वाढते आणि डेटा कुठेही हलवावा लागत नाही. पावसाळ्यात सत्तरीतल्या शाखेचे इंटरनेट गेले, तरी परवाना जागच्या जागी राहतो.

मडगाव, डीबीए (डेटाबेस सांभाळणारा):
सोय मान्य, पण फाइल हाती असणे म्हणजे वापराचा हक्क असणे नव्हे. ही फाइल एका यंत्राशी बांधलेली नसते, त्यामुळे ती दहा सर्व्हरवर घातली तरी चालते आणि हिशेब शेवटी करार व ऑडिट (विक्रेत्याकडून होणारी वापराची तपासणी) यांवरच होतो. मग ग्राहकाच्या वाट्याला काय येते? केवळ चुकण्याची एक जागा. एचएडीआर, म्हणजे मुख्य सर्व्हरची प्रत दुसऱ्या यंत्रावर तयार ठेवणारी डीबी२ची सोय, तिच्या स्टँडबाय (राखीव) सर्व्हरवर फाइल घालायची राहिली, तर एरवी कोणाला पत्ता लागत नाही. मुख्य सर्व्हर बंद पडून टेकओव्हर झाला, म्हणजे स्टँडबायने काम हाती घेतले, की १६ कोअरचे यंत्र ४ कोअरवर रखडते, तेही नेमके महिनाअखेरीस. ओरॅकल डेटाबेस तर अशी फाइल मागतच नाही.

पर्वरी, सिस्टम ॲडमिन:
ओरॅकलचा दाखला तुमच्याच विरुद्ध जातो. त्याच्या एंटरप्राइझ एडिशनमध्ये डायग्नोस्टिक्स पॅक (कामगिरी तपासण्याची, वेगळा परवाना लागणारी साधने) मुळातच चालू असतो. नव्या मुलाने सहज त्यातला एडब्ल्यूआर रिपोर्ट (कामगिरीचा अहवाल) काढला, तरी त्याची नोंद ‘डीबीए फीचर युसेज स्टॅटिस्टिक्स’ या ओरॅकलच्या वापर-नोंदीत राहते आणि वेगळा परवाना नसल्यास ऑडिटमध्ये प्रश्न उभा राहतो. दार सताड उघडे ठेवायचे आणि आत पाऊल टाकणाऱ्याला पावती फाडायची, यापेक्षा आधीच अडवणारी फाइल बरी. स्टँडबायचे म्हणाल, तर दोन्ही सर्व्हरवर घातलेले परवाने दाखवणारी ‘डीबी२एलआयसीएम -एल’ ही कमांड चालवून पाहणे हे हस्तांतरणाच्या यादीतले काम आहे. ते राहिले तर दोष पद्धतीचा नाही.

फोंडा, पतसंस्थेचे संगणक काम पाहणारा:
आमच्याएवढ्या संस्थेने या वादात पडूच नये. पोस्टग्रेएसक्यूएल या मुक्त डेटाबेसला ना फाइल लागते, ना शुल्क. मात्र ते सांभाळणारा माणूस लागतो आणि त्याचा पगार परवान्याइतकाच विचारात घ्यावा लागतो.

मडगाव, डीबीए:
यादीचा मुद्दा मी स्वीकारतो, पण ती फाइल नेमकी कोणाकडे असते, हेही पाहा. पासपोर्ट ॲडव्हांटेज या आयबीएमच्या ग्राहक-संकेतस्थळावरून ती उतरवून घेणारे खाते पुष्कळदा संस्थेचे नसून बसवून देणाऱ्या कंत्राटदाराच्या एखाद्या कर्मचाऱ्याच्या ईमेलवर असते, आणि तो नोकरी सोडून गेल्यावर नवा सर्व्हर उभारताना शोधाशोध सुरू होते. खाते संस्थेच्या नावावर आणि फाइलची प्रत बॅकअपसोबत, एवढे खरेदीच्या अटींमध्ये लिहून घेतले जात असेल, तरच माझा विरोध संपेल. सध्या मी पाहिलेल्या निविदांमध्ये ते नसते.